दिवसभर घरात एकट्या राहणाऱ्या प्राण्यांसाठी स्मार्ट उपकरणे: आपत्तीत नेमकी काय उपयोगी पडतात?

प्रश्न

आम्ही दोघेही नोकरी करतो आणि पुण्यात सिंहगड रस्त्यालगतच्या आमच्या फ्लॅटमध्ये दिवसभर एक पग कुत्री आणि एक मांजर असे दोघेच असतात. कॅमेरा आणि फोनवरून चालू-बंद करता येणारे स्मार्ट प्लग आहेत. पण उन्हाळ्यात भर दुपारी वीज गेली की कॅमेराही बंद पडतो आणि आत काय चालले आहे, हे कळायला मार्ग राहत नाही. २५ जुलै २०२४ रोजी याच रस्त्यालगतच्या एकतानगरीत पुराचे पाणी शिरले, तेव्हापासून ही काळजी अधिकच वाढली आहे. आणखी कोणती उपकरणे घ्यावीत?

उत्तर १

नवे काही घेण्याआधी राउटरला बॅटरीचा आधार द्या. घरगुती राउटर बहुधा १२ व्होल्टवर चालतात आणि त्यांच्यासाठी छोटे यूपीएस मिळतात. मात्र इमारतीतील इंटरनेटच्या जोडणीपेटीचीही वीज गेली, तर नुसत्या राउटरचा उपयोग नाही. म्हणून सिमकार्डवर चालणारा, अंगभूत बॅटरीचा एक कॅमेरा असावा. पगचे नाक आखूड असल्याने धापा टाकून शरीर थंड करणे तिला अवघड जाते. कुत्र्याचे तापमान साधारण ३८ ते ३९ अंश सेल्सिअस असते आणि ते ४० च्या वर जाऊ लागले की धोका सुरू होतो, त्यामुळे खोलीचे तापमान वाढताच फोनवर सूचना देणारा सेन्सर तुमच्या घरी मला अत्यावश्यक वाटतो. वीज परत आल्यावर एसी आपोआप सुरू होतो का, हेही मेन स्विच बंद-चालू करून एकदा पाहून घ्या.

उत्तर २

गॅसगळती झाल्यास इशारा देणारे गॅससूचक यंत्रही घ्या, पण त्याची जागा फार महत्त्वाची आहे. सिलिंडरचा गॅस हवेपेक्षा जड असल्याने ते जमिनीलगत बसवावे लागते. पाइपचा नैसर्गिक गॅस हलका असल्याने ते छताजवळ हवे. सूचना आली की घाबरून फोनवरून एक्झॉस्ट पंखा किंवा प्लग मुळीच चालू करू नका, कारण स्विचमधील ठिणगीने स्फोट होऊ शकतो. प्राण्यांच्या धक्क्याने शेगडीचे बटण फिरू शकते, म्हणून बाहेर पडताना रेग्युलेटर किंवा पाइपची चावी बंद करावीच.

उत्तर ३

वरील दोन्ही सूचना योग्य आहेत. परंतु फोनवर इशारा आला तरी तुम्ही हडपसर किंवा हिंजवडीहून वाहतुकीतून पोहोचेपर्यंत दार कोण उघडणार, हे आधी ठरवायला हवे. शेजारच्या काकूंकडे किल्ली द्या किंवा स्मार्ट कुलूप असल्यास त्यांच्यासाठी वेगळा संकेतांक ठेवा. कुलपाची बॅटरी संपल्यास बाहेरून ९ व्होल्टची बॅटरी टेकवून ते उघडण्याची सोय अनेक मॉडेल्समध्ये असते. ती काकूंना प्रत्यक्ष करून दाखवा.

मांजर घाबरले की हाकेला येत नाही, पलंगाखाली किंवा वॉशिंग मशीनमागे दडून बसते. म्हणून एक कॅमेरा दाराऐवजी तिच्या लपण्याच्या जागेकडे वळवा आणि तिला बाहेर नेण्याची पेटी माळ्यावर न ठेवता, आत जुनी चादर घालून, दिवाणखान्यात उघडी ठेवा, म्हणजे तिला पेटीची सवय होईल. आग लागल्यास मात्र काकूंनी आत शिरू नये. १०१ वर कळवावे आणि प्राणी कोणत्या खोलीत आहेत, ते जवानांना सांगावे.