ईएफ ६० टक्के, तरी हार्ट फेल्युअर कसं?

प्रश्न:
वय ७०, बीपी आणि मधुमेह जुने, वजन जास्त. जिना चढताना धाप लागते, संध्याकाळी घोट्यांवर सूज येते. टू-डी इकोत ईएफ (भरलेल्या रक्तापैकी किती टक्के रक्त हृदय एका ठोक्यात बाहेर टाकतं) ६० टक्के, म्हणजे नॉर्मल. तरी निदान हार्ट फेल्युअर. पंपिंग चांगलं असताना हृदय फेल कसं? आणि हा हार्ट अटॅकच का?

प्रतिसाद १:
ईएफ ही टक्केवारी आहे, घोळ तिथेच होतो. डाव्या खालच्या कप्प्यात १२० मिलि रक्त भरलं आणि ७२ बाहेर गेलं, तर ईएफ ६०. बीपीमुळे वर्षानुवर्षं जाड, ताठर झालेल्या कप्प्यात ८० मिलिच मावलं आणि ४८ बाहेर गेलं, तरी ईएफ ६०च! शिवाय ताठर कप्पा भरायला जास्त दाब लागतो. तो दाब मागे फुप्फुसांत पोचतो, म्हणून धाप. पुढे हृदयाच्या उजव्या बाजूवर ताण आला की पायांवर सूज. ईएफ ४० किंवा कमी हा एक प्रकार, ५० किंवा जास्त हा दुसरा. तुम्ही वर्णन केलेलं चित्र दुसऱ्यात अगदी चपखल बसतं.

रिपोर्टमध्ये ईएफच्या पुढेही वाचा: भिंतींची जाडी, डावा वरचा कप्पा मोठा झालाय का, डायस्टोलिक फंक्शन (दोन ठोक्यांच्या मध्ये हृदय सैल होऊन किती नीट भरतं). रक्तातलं एनटी-प्रोबीएनपी (हृदयावर ताण आला की वाढणारा घटक) १२५ च्या खाली असेल तर हार्ट फेल्युअरची शक्यता कमी, पण लठ्ठ माणसात हा आकडा मुळातच कमी येतो. त्यामुळे एवढ्यावर निर्धास्त होऊ नका.

प्रतिसाद २:
अटॅकमध्ये रक्तवाहिनी बंद होऊन स्नायूचा एक भाग मरतो. फेल्युअर हे त्याचं परिणामस्वरूप असू शकतं, पण अटॅक न येताही होतं. झडपांचे आजार, सतत जलद किंवा अनियमित ठोके, दारू, थायरॉइड, विषाणूमुळे स्नायूला आलेली सूज, डॉक्सोरुबिसिनसारखी कॅन्सरची औषधं. कारण शोधणं टाळू नका, कारण थायरॉइड, दारू किंवा ठोक्यांची गडबड वेळेत आवरली तर हृदय बरंच सावरू शकतं.

प्रतिसाद ३:
रोज सकाळी लघवीनंतर, काही खाण्याआधी, त्याच काट्यावर वजन करून लिहून ठेवा. तीन दिवसांत दोन किलो वाढलं तर ते अंगात साठलेलं पाणी समजा आणि त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा. सूज बऱ्याचदा नंतर दिसते.

गुडघेदुखीसाठी आयबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक स्वतःहून घेऊ नका; ती मीठ-पाणी धरून ठेवतात आणि मूत्रपिंडावर ताण आणतात. पाण्यात विरघळणाऱ्या फसफसत्या गोळ्यांतही बरंच सोडियम असतं. 'लो सोडियम' मिठात पोटॅशियम असतं. सोबत स्पायरोनोलॅक्टोन किंवा रॅमिप्रिल ही बीपी-हृदयाची औषधं चालू असतील तर रक्तातलं पोटॅशियम धोकादायक पातळीवर जाऊ शकतं.

प्रश्नकर्ता:
सूज उतरली की लघवीची गोळी बंद करायची का?

प्रतिसाद १:
स्वतःच्या मनाने नाही. डोस वजन, क्रिएटिनिन (मूत्रपिंडाचं काम दाखवणारी रक्ततपासणी) आणि पोटॅशियम बघून डॉक्टर ठरवतात. डापाग्लिफ्लोझिन, एम्पाग्लिफ्लोझिन या मूळच्या मधुमेहाच्या गोळ्यांच्या गटाबद्दलही विचारा. ईएफ चांगला असलेल्या प्रकारातही यांचा उपयोग होतो. आडवं पडताच गुदमरायला लागलं किंवा गुलाबी फेस येणारा खोकला सुरू झाला, तर फोनवर सल्ला घेत बसू नका, थेट इमर्जन्सी गाठा.