पदवी नसलेल्या हातचं बांधकाम: पाडायचं की तपासायचं?

मांजराकाठ:
सायमन रोडिया. इटलीहून अमेरिकेत गेलेला साधा कामगार. लॉस एंजेलिसच्या वॉट्स भागात 1921 ते 1954, पोटापाण्याचं काम सांभाळून त्यानं एकट्यानं मनोरे उभे केले. नकाशा नाही, परांची नाही. कमरेला पट्टा बांधून वर चढायचा. सळ्या रेल्वे रुळाखाली अडकवून वाकवायच्या, जाळी-तारेनं आवळायच्या, वर सिमेंट, त्यात फुटक्या बशा, बाटल्यांच्या काचा, शिंपले. सगळ्यात उंच मनोरा जवळपास 100 फूट! पालिकेनं धोकादायक म्हणून पाडायचं ठरवलं. 1959 मध्ये 10,000 पौंडांचा आडवा ताण देऊन पाहिला, तर मनोरा उभाच. ताण देणारी यंत्रणाच आधी हरली.

आमच्या गावच्या गवंडीमामांनी फुटक्या फरशीचं, बांगड्यांच्या काचांचं गोल घर बांधलंय. न बघताच "पाडा" सुरू झालंय. माझा ठाम विरोध आहे.

किल्लारीशेजारचा:
30 सप्टेंबर 1993, पहाटे 3.56. किल्लारीचा भूकंप. मी 11 वर्षांचा होतो. मातीत रचलेल्या दोन-अडीच फुटी दगडी भिंती, वर माळवद, म्हणजे लाकडावर मातीचं सपाट छप्पर, त्यावर गळतं म्हणून दर काही वर्षांनी पांढऱ्या मातीचा आणखी थर. तेही अनुभवी गवंड्यांनीच बांधलेलं. "आज्याच्या काळापासून उभंय" हे वाक्य मी लहानपणी रोज ऐकलंय. अशा घरांचं कौतुक वाचलं की अंगावर काटा येतो.

मांजराकाठ:
दादा, तुमचं दुःख मोठं आहे. पण भिंती फुटल्या त्या गवंड्याला पदवी नव्हती म्हणून नाही. आतल्या-बाहेरच्या थराला बांधणारे आरपार दगड नव्हते, आणि डोक्यावर टनावारी माती. हे बघून कळतं. मामांच्या घरातही तेच बघा, एवढंच मागतोय.

सिव्हिलवाली, उदगीर:
एकदा ओढून पाहिलं म्हणजे कायमचं सुटलं असं नसतं. लॉस एंजेलिसच्या 1994 च्या भूकंपात त्या मनोऱ्यांनाही थोडी इजा झाली. ते टिकलेत ते सततच्या डागडुजीमुळे. मामांच्या पश्चात तुमच्याकडे ती कोण करणार? आणि तिथे कुणी राहत नाही, इथे लेकरं झोपतात. हा फरक मला फार मोठा वाटतो.

किल्लारीशेजारचा:
ताई, तेच. तपासा, माझी ना नाही. पण तपासून होईपर्यंत आत कुणी झोपायचं नाही. मामांना हे सांगाल का?

मांजराकाठ:
सांगतो. सकाळीच जातो.