स्लोन 'वाया गेलेला' बँड आहे?

खाडीपलीकडचा: काल इथेच कुणीतरी लिहिलं, "स्लोन म्हणजे वाया गेलेला बँड. गेफनसारखी अमेरिकन रेकॉर्ड कंपनी हातात असताना हट्ट केला, गाणी नि पैसे चौघांत सारखे वाटले, म्हणून कुणीच मोठा झाला नाही." झोप उडाली माझी. म्हणून सविस्तर लिहितो.

१९९१ साली कॅनडातल्या हॅलिफॅक्समध्ये ख्रिस मर्फी, पॅट्रिक पेंटलंड, जे फर्ग्युसन आणि अँड्र्यू स्कॉट एकत्र आले. आजही तेच चौघं आहेत. चौघंही गाणी लिहितात, चौघंही गातात, आणि गाणं कुणाचंही असो, वाटा सारखा. १९९४ चा 'ट्वाइस रिमूव्ह्ड' हा अल्बम गेफनला पसंत पडला नाही. बदला म्हणाले, यांनी बदलला नाही. मग अमेरिकेत कंपनीने त्याच्याकडे पाठ फिरवली. बँड मोडायच्या बेतात होता, तरी १९९६ मध्ये स्वतःच्या छोट्या रेकॉर्ड कंपनीतून 'वन कॉर्ड टू अनदर' काढला आणि पुढच्या वर्षी ज्यूनो हा कॅनडाचा संगीत पुरस्कार घेतला. कंपनीला नको असलेला तो आधीचा अल्बम 'चार्ट' मासिकाच्या वाचकांनी १९९६ मध्ये आजवरचा सर्वोत्तम कॅनेडियन अल्बम ठरवला.

टोरोंटोत मी त्यांना ऐकलंय. मध्येच स्कॉट ड्रम्सवरून उठला, पुढे येऊन गिटार गळ्यात अडकवली. मर्फीने बास गिटार खाली ठेवली आणि मागे जाऊन त्याच्या स्टुलावर बसला. घरात वाढायची पाळी बदलावी इतकं सहज. हे वाया जाणं?

रात्रपाळी: कालचं मीच लिहिलं होतं आणि अजूनही तेच म्हणतो. मतदान कुठलं? कॅनडाच्या मासिकाचं. समान वाट्याचं कौतुक करताना पुढचंही सांगा. २००६ च्या अल्बममध्ये ३० गाणी! २०१४ च्या 'कॉमनवेल्थ'मध्ये प्रत्येकाला रेकॉर्डची एकेक बाजू, आणि स्कॉटच्या बाजूला जवळजवळ १८ मिनिटांचं एकच गाणं. 'हे कापा' म्हणणारा कुणी नसला की असंच होतं. शिवाय रेडिओवर कॅनेडियन गाण्यांचा कोटा नसता तर हे दहा वर्षंही टिकले नसते.

मिसिसागाची मावशी: कोट्यावर घसरू नका. १९७१ मध्ये तो ३० टक्क्यांनी सुरू झाला, पुढे ३५ झाला. शेजारी अमेरिका बसलीय. कोटा नसता तर सगळी लाट तिकडचीच आली असती.

रात्रपाळी: आणि त्या कोट्याचे नियम? ब्रायन अ‍ॅडम्स हा कॅनडाचाच गायक, तरी त्याचा १९९१ चा अल्बम कॅनेडियन ठरला नाही, कारण सहगीतकार बाहेरचा! याला धोरण म्हणायचं?

मिसिसागाची मावशी: तो नियम चुकीचाच होता, ओरड झाल्यावर बदलला. पण मुळातच कोटा नको म्हणणाऱ्यांनी मुंबईचं एफएम आठवावं. महाराष्ट्राच्या राजधानीत मराठी गाणं लागावं म्हणून भांडावं लागलं! माझी आई आजारी असताना दिवसभर रेडिओ उशाशी ठेवायची. तिला समजेल असं एक गाणं लागेपर्यंत तासन्‌तास जायचे. मला कोट्याबद्दल शिकवू नका.

रात्रपाळी: आईंबद्दल वाईट वाटलं, पण त्याचा इथे काय संबंध? मी गोदामात रात्रपाळी करायचो, तेव्हा तीच पाच कॅनेडियन गाणी आठ तास फिरत असायची. स्टेशनवाले टक्केवारी भरायला तेच ते लावतात. नव्या बँडला दार उघडतच नाही. ऐकलंय कधी आठ तास?

मिसिसागाची मावशी: नीट बोला. दोष स्टेशनवाल्यांचा, कोट्याचा नव्हे.

सतारीचा शेजारी: दोघंही थांबा. धागा स्लोनचा आहे.

आमचा कॉलेजचा पाच जणांचा बँड होता. एक गाणं जरा चाललं, लिहिलं होतं एकाने, चाल बसवली होती सगळ्यांनी. पोस्टरवर नाव कुणाचं यावरून एप्रिलमध्ये भांडण झालं आणि जूनमध्ये बँड संपला. त्यातल्या दोघांशी मी वीस वर्षं बोललो नाही. मोठं होणं लांबच, आम्हाला दुसरं गाणंही करता आलं नाही. म्हणून तीस वर्षांवर तेच चौघं टिकले याला मी यशच म्हणणार.

रात्रपाळी: हे मात्र मान्य करावं लागतंय. समान वाट्यामुळे ते एकत्र राहिले असतील. पण एकत्र राहणं आणि उत्तम अल्बम करणं या दोन गोष्टी आहेत, आणि 'ट्वाइस रिमूव्ह्ड'च्या तोडीचं मला नंतर काही सापडलं नाही.

खाडीपलीकडचा: १९९८ चा 'नेव्ही ब्लूज' पूर्ण ऐकलात?

रात्रपाळी: त्यातलं 'मनी सिटी मेनियॅक्स' हे गाणं तेवढं. रेडिओवर.

मिसिसागाची मावशी: म्हणजे कोट्यातूनच!

रात्रपाळी: हो, कोट्यातूनच. बाकीचा अल्बम शनिवारी ऐकतो आणि इथेच लिहितो. त्या १८ मिनिटांबद्दलचं मत बदलणार नाही.