विली पॉल : चर्च सुटलं, पण ठेका आधीचाच

काहीजण म्हणतात, केनियाचा गायक विली पॉल याने पैशासाठी गॉस्पेल (ख्रिस्ती भक्तिगीतं) सोडून डान्सहॉल (जमैकाचं नाचाचं संगीत) धरलं. मला हे अर्धंच पटतं. तो डान्सहॉलकडे 'गेला' असं म्हणायला तो त्यापासून लांब कधी होता?

नैरोबीच्या माथारे झोपडपट्टीतून आलेला हा पोरगा. गॉस्पेल गायिका ग्लोरिया मुलिरोसोबतच्या 'सितोलिया'ने त्याचं नाव घराघरात पोचवलं. सितोलिया म्हणजे 'मी रडणार नाही'. ते गाणं भक्तीचंच. पण त्या काळात तिथलं तरुण गॉस्पेल मटाटूत वाजायचं. मटाटू म्हणजे रंगवलेल्या, स्पीकर ठासून भरलेल्या प्रवासी गाड्या. तिथे संथ स्तोत्र कोण ऐकणार! आठ मात्रा मोजा आणि पहिली, चौथी, सातवी यांवर टाळी द्या. हा झाला डान्सहॉलचा ठेका. त्यावर स्वाहिलीत येशूचं नाव घेतलं की झालं गॉस्पेल. मग जमैकाची गायिका अलेन हिच्यासोबतचं 'आय डू' आलं, सरळसरळ लग्नाचं प्रेमगीत, आणि खरी बोंब तिथून वाढली.

उलट उदाहरणही तिथलंच आहे. साइझ एट ही गायिका २०१३ मध्ये लौकिक गाण्यांतून गॉस्पेलमध्ये आली. तिचं स्वागत झालं, याला शिव्या. बाकी त्याच्या पुढच्या काही गाण्यांतला चावटपणा मलाही झेपत नाही, ते सोडा. पण आवाज ऐका. वरच्या पट्टीत चढताना तो अजूनही चर्चमधल्यासारखाच आळवतो.