मदत हवी आहे: बिल्डरने फायर एनओसी न घेताच ताबा दिला, नोटीस मात्र सोसायटीला

नमस्कार मंडळी, जुळे सोलापुरात आमची सात मजली बिल्डिंग आहे, 2019 ला ताबे मिळाले. बिल्डरकडं फक्त प्रोव्हिजनल फायर एनओसी (बांधकामाआधीची अग्निशमनची तात्पुरती परवानगी) होती, फायनल त्यानं घेतलीच नाही आणि त्यामुळं भोगवटा (इमारत राहायला योग्य असल्याचा पालिकेचा दाखला) पण नाही, "येतंय येतंय" म्हणत वर्षं गेली, आणि आता अग्निशमनची नोटीस आलीये ती सोसायटीच्या नावानं. यंत्रणा चालू करा, लायसन्स एजन्सीचा फॉर्म बी (यंत्रणा चालू स्थितीत असल्याचा दाखला) द्या नाहीतर लाइट-पाणी तोडू. मे 2025 मध्ये अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेल कारखान्याच्या आगीत आठ जण गेले, त्यामुळं नोटीस का आली अशी माझी तक्रार नाही, आली ते बरंच झालं. भांडण खर्चाचं आहे.

यंत्रणा कसली ते ऐका. एजन्सीच्या माणसानं चौथ्या मजल्यावरचा व्हॉल्व्ह फिरवला, थेंब नाही. गच्चीवर जाऊन बघतोय तर तो लाल पाइप टाकीला जोडलेलाच नाही! हातभर अलीकडं टोपण लावून सोडून दिलाय, सात मजले नुसता रंगवून उभा केलाय. होजच्या पेट्यांत होज नाहीत, दुसऱ्या मजल्यावरच्या पेटीत कुणाच्या तरी चपला. आणि खालची फायरची टाकी आम्ही सगळे वापरायलाच घेतो, कारण नळाला रोज पाणी येत नाही हे सोलापूरकरांना काय सांगायचं.

बिल्डर म्हणतोय, "मालक, कायद्यात ओनर ऑर ऑक्युपायर लिहिलंय, राहायला तुम्ही, मग तुमचं तुम्ही बघा." 2006 चा महाराष्ट्र आग प्रतिबंधक कायदा मी वाचला, कलम 3 मध्ये तसं आहे खरं. पण कन्व्हेयन्स (जमीन-इमारत सोसायटीच्या नावावर करून देणं) झालेलं नाही, जमीन अजून त्याच्याच नावावर, मग ओनर कोण?

सभेचं तर विचारूच नका. तळमजल्यावाले म्हणतात आम्ही पळत बाहेर जाऊ, आम्हाला कशाला वर्गणी. एक काका हायकोर्टातनं स्टे आणू म्हणायलेत, आता कोल्हापूरला सर्किट बेंच झालंय, मुंबईला जायला नको म्हणे.

तर काम आधी सोसायटीच्या पैशातनं केलं तर नंतर बिल्डरकडनं वसूल होतं का, का "तुम्हीच जबाबदारी मान्य केली" म्हणून तो सुटेल? तक्रार कुठं करू, महारेरा (बिल्डरांवरचं राज्याचं नियामक प्राधिकरण, रेरा कायद्याखालचं) का इथलं ग्राहक आयोग? एक वकील म्हणाले 2019 चा ताबा म्हणजे तक्रारीची मुदत गेली. अनुभव असेल त्यांनी सांगा.

प्रतिसाद:
काकांना स्टेच्या नादी लावू नका. आग स्टे बघून थांबत नाही आणि कोर्टही अशा नोटिशीला सहज हात लावत नाही. काम करून घ्या, पण त्याआधी एजन्सीकडनं लेखी रिपोर्ट घ्या, त्या न जोडलेल्या पाइपचे तारखेसकट फोटो काढा आणि बिल्डरला वकिलामार्फत नोटीस द्या की वसुलीचा हक्क राखून हा खर्च करतोय. एकदा पाइप जोडला की पुरावा गेला. कन्व्हेयन्स नाही म्हणजे मालक म्हणून तो पण कलम 3 मध्ये येतो, त्यालाही नोटीस काढा असं अग्निशमनला लेखी द्या.

मुदतीचं म्हणाल तर वकिलांना समृद्धी को-ऑप. हाउसिंग सोसायटी विरुद्ध मुंबई महालक्ष्मी कन्स्ट्रक्शन हा सुप्रीम कोर्टाचा जानेवारी 2022 चा निकाल दाखवा. तिथं ताबे 1997 चे होते, तरी भोगवटा न देणं ही रोज चालू राहणारी चूक आहे, ग्राहक तक्रार मुदतबाह्य नाही असं कोर्टानं म्हटलं. रेरातलं बांधकामातल्या दोषांचं पाच वर्षांचं कलम तुमच्या हातातनं गेलं, पण भोगवटा आणून द्यायची बिल्डरची जबाबदारी कलम 11 मध्ये वेगळी आहे. मी असतो तर ग्राहक आयोगात गेलो असतो, सोलापुरातच आहे, तारखांना हेलपाटे नाहीत. आणि फॉर्म बी दरवर्षी जानेवारी-जुलै असा दोनदा लागतो, एजन्सीशी करार करतानाच ते घालून घ्या.

धागाकर्ता:
लई आभार, रविवारच्या सभेत हेच ठेवतो. टाकीचं मात्र राहिलंच. एजन्सीवाला म्हणाला वापराची लाइन वरच्या लेव्हलला घ्या, म्हणजे फायरचं पाणी खाली राखीव राहील. असं कुणी करून घेतलं असेल तर प्लंबरचा नंबर व्यनि करा.