साउथडेल आणि आपली गणपती पेठ

मॉल म्हणजे मोटारवाल्यांसाठी काढलेली चकचकीत वखार, असे वरच्या प्रतिसादात म्हटले आहे. परिणामापुरते ते पटते. मूळ हेतू मात्र निराळा होता. अमेरिकेतील मिनेसोटा राज्यात, इडाइना या उपनगरात १९५६ साली सुरू झालेला ‘साउथडेल’ हा पूर्णपणे छताखालचा, वातानुकूलित असा पहिला उपनगरी मॉल मानला जातो. त्याचे वास्तुरचनाकार व्हिक्टर ग्रुएन मूळचे व्हिएन्नाचे. तिथल्या चौकांतून पायी रेंगाळण्याची मजा उपनगरात आणावी, म्हणून त्यांनी कडाक्याच्या थंडीतही उबदार राहणाऱ्या मधल्या चौकात झाडे लावली आणि पक्ष्यांचा उंच पिंजरा उभारला. भोवती घरे, शाळा, बागा असे आखीव गाव वसावे हा आराखड्याचा दुसरा भाग मात्र बराचसा कागदावरच राहिला, आणि मॉलभोवती उरले ते वाहनतळाचे विस्तीर्ण मैदान. पुढे १९७८ मध्ये ग्रुएन यांनीच अशा मॉलचे पितृत्व जाहीरपणे नाकारले.

आपल्या सांगलीत गणपती पेठेत पोत्यांनी लादलेल्या हातगाडीला वाट देत, ओळखीच्या दुकानदाराशी दोन शब्द बोलत चालताना ग्रुएन यांना हवे होते ते बरेचसे आयते मिळते; गाडी लावायला जागा तेवढी मिळत नाही.