मेंदूतला काळा रंग: राखणदार की अडगळ?

तळ्यात-मळ्यात

बाबांना कंपवात (पार्किन्सनचा आजार) होऊन सहा वर्षं झाली. परवा आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर एका आतेभावाने संदेश ढकलला: 'मेलॅनिन फक्त कातडीत नसतं, मेंदूतही असतं. सावळ्या माणसांच्या मेंदूत ते जास्त असतं, म्हणून त्यांना कंपवात होत नाही.' खाली कसल्याशा काळ्या कॅप्सूलची जाहिरात. आता गंमत अशी की आमच्या घरात सगळ्यांत काळे बाबाच. आजी त्यांना लाडाने विठोबा म्हणायची.

संदेशातलं पहिलं वाक्य खरं आहे, म्हणूनच माणूस फसतो. मध्यमेंदूत दोन्ही बाजूंना एकेक काळी पट्टी असते. नाव सबस्टॅन्शिया नायग्रा, म्हणजे सरळ 'काळा पदार्थ'. तिथल्या पेशी डोपामिन हे हालचालींना लागणारं रसायन बनवतात आणि त्यांच्या पोटात न्यूरोमेलॅनिन, म्हणजे मेंदूतला काळा रंग, साठलेलं असतं. कंपवातात या पेशी मरतात, पट्टी फिकी पडते.

पण हे कातडीतलं मेलॅनिन नव्हे. कातडीत मेलॅनोसाइट नावाच्या पेशी टायरोसिनेज या विकराच्या (एन्झाइमच्या) मदतीने रंग बनवतात, पुडक्यांत बांधतात आणि शेजारच्या पेशींना वाटतात. गोऱ्या आणि काळ्या माणसांत या पेशींची संख्या साधारण सारखीच. पुडकी किती, केवढी, आत कोणता रंग, यावर वर्ण ठरतो. मेंदूतली पेशी कुणाला काही वाटत नाही. तिच्या स्वतःच्याच जास्तीच्या डोपामिनचं ऑक्सिडीकरण होऊन जे काळं तयार होतं, ते पोटात घेऊन ती जन्मभर बसते. केळ्याची साल काळी पडते तिथेही डोपामिनच असतं, खरंच! केळ्यात विकर ते काम दोन दिवसांत उरकतं, मेंदूत वर्षानुवर्षं चालतं.

आणि ज्यांच्या कातडीत, केसांत, डोळ्यांत जन्मतःच रंग नसतो, त्या वर्णहीन माणसांच्या मेंदूतली पट्टीही काळीच असते. ही गोष्ट १९५०च्या दशकापासून ठाऊक आहे. आतेभावाला एवढं पुरेसं व्हायला हवं होतं. झालं नाही.

आता माझं मत. बरेच लोक न्यूरोमेलॅनिनला पेशीचा कचरा म्हणतात. मला तो राखणदार वाटतो. मोकळं लोह पेशीला घातक असतं, ते हा रंग धरून ठेवतो. जड धातू, काही विषं यांनाही चिकटतो. जे सुटलं तर पेशी जाळेल ते कुलपात ठेवणाऱ्याला कचरा कसं म्हणायचं?

खडूस मास्तर

कातडी वेगळी आणि मेंदू वेगळा, इथपर्यंत सोळा आणे सहमत. 'राखणदार' मात्र मान्य नाही. माठाच्या तळाशी गाळ बसतो म्हणून माठातल्या गाळाने पाणी शुद्ध केलं असं म्हणाल का?

पेशीला हे काळं बाहेर टाकता येत नाही, फोडता येत नाही, म्हणून ते साठतं. उंदराच्या मेंदूत ते जवळजवळ नसतंच आणि उंदराचं काही अडत नाही. २०१९ मध्ये बार्सिलोनाच्या संशोधकांनी मुद्दाम उंदरांच्या त्या भागात माणसाच्या टायरोसिनेजचं जनुक घातलं. पेशींत माणसासारखं न्यूरोमेलॅनिन साठायला लागलं. साठत साठत म्हाताऱ्या माणसाइतकं झालं, आणि मग उंदरांच्या हालचाली बिघडल्या, पेशी मरू लागल्या. पुढे त्यांनी पेशीची सफाईयंत्रणा वाढवली, तर काळं कमी झालं आणि पेशी वाचल्या. राखणदाराला हाकलल्यावर घर वाचतं, हे कसलं राखणं?

देवगडची माकूल

मास्तर, एका उंदरावरून साऱ्या सृष्टीचा निकाल लावू नका. आमच्याकडे माकूल (समुद्रातला स्क्विड) साफ करताना शाईची पिशवी फुटली की हात दोन दिवस काळे राहतात. ती शाई म्हणजे मेलॅनिनच. इंग्लंडमध्ये सुमारे १६ कोटी वर्षांपूर्वीच्या माकुलीच्या भाईबंदांच्या शाईच्या पिशव्या जीवाश्मांत सापडल्या, त्यातलं मेलॅनिन आजच्या माकुलीच्या शाईशी जुळतं असं २०१२ मध्ये दाखवलं गेलं. इतका चिवट पदार्थ. पिसांच्या जीवाश्मांतल्या रंगाच्या पुडक्यांवरून तर काही डायनोसॉरांचे रंगही सांगता येतात.

चेर्नोबिलच्या फुटलेल्या अणुभट्टीच्या भिंतींवर काळ्या बुरश्या वाढल्या. किरणोत्सर्गात तगणाऱ्यांत काळ्याच जास्त. २००७ मध्ये एका अमेरिकी गटाने तर असंही दाखवलं की किरणं पडल्यावर काही काळ्या बुरश्या अधिक जोमाने वाढतात. (ती बुरशी किरणं 'खाते' हे वर्तमानपत्रांनी लावलेलं मीठमसाला. ते अजून सिद्ध व्हायचंय.) जिथे जिथे मेलॅनिन, तिथे तिथे संरक्षण. मेंदूतच ते कचरा कशाला असेल? तळ्यात-मळ्यात यांना अनुमोदन.

खडूस मास्तर

माकूलताई, बुरशीचं उदाहरण दिलंत ते बरं झालं. कबुतरांच्या विष्ठेत सापडणारी क्रिप्टोकॉकस ही बुरशी प्रतिकारशक्ती खचलेल्या माणसाच्या मेंदूच्या आवरणात शिरते. डोपामिनसारख्या पदार्थांपासून ती स्वतःभोवती मेलॅनिनचं चिलखत घडवते आणि आपल्या पांढऱ्या पेशींच्या माऱ्यातून वाचते. मेंदूत शिरल्यावर हा कच्चा माल तिला आयताच. राखणदार आहेच हो, पण चोराच्या घरचा!

मुद्दा एवढाच: मेलॅनिन हे एका पदार्थाचं नाव नाही, काळ्या-तपकिरी पदार्थांच्या आख्ख्या भावकीचं आडनाव आहे. चिरलेलं वांगं काळं पडतं तेही त्याच गोतावळ्यातलं. म्हणून काय वांग्याला कुणी राखणदार म्हणतं?

देवगडची माकूल

वांग्याच्या जखमेवर बुरशी-जंतू लागू नयेत म्हणूनच ते काळं पडतं असं मानतात. तेव्हा हो, म्हणते!

काळी मैना

मी आतेभावाच्या कॅप्सूलची वकिली करत नाहीये, पण 'कातडीचा काडीचाही संबंध नाही' हे फार ठाम झालं. १९८८ मध्ये मुंबईच्या पारशी वसाहतींमध्ये घरोघर जाऊन केलेली पाहणी प्रसिद्ध झाली. कंपवाताचं प्रमाण लाखामागे ३२८. भारतातल्या इतर पाहण्यांपेक्षा कितीतरी जास्त. पारशी मंडळी गोरी. गोऱ्या देशांत हा आजार जास्त सांगितला जातो. शिवाय कंपवाताच्या रुग्णांत मेलॅनोमा, म्हणजे रंगपेशींचा कॅन्सर, इतरांपेक्षा जास्त आढळतो. आणि मेलॅनोमाच्या रुग्णांत कंपवात. मग हे दोन रंग एकमेकांना अगदीच अनोळखी कसे?

उभा छेद

विकृतिशास्त्रात अनेक वर्षं काढली आहेत, म्हणून जरा लांब लिहितो.

मैनाताई, पारशी समाजातला तो आकडा कच्चा आहे, म्हणजे वयाचा हिशेब न करता काढलेला. त्या समाजात म्हातारी माणसं खूप आणि कंपवात हा मुख्यतः म्हातारपणाचा आजार. वयाची दुरुस्ती केली की आकडा बराच खाली उतरतो. गोऱ्या देशांचंही तेच: लोक जास्त जगतात, निदानही जास्त होतं.

उलट तुमच्या मुद्द्याला सरळ छेद देणारं काम आपल्याकडेच झालंय. बंगळुरूच्या निम्हान्स या मेंदू-मनोविकारांच्या संस्थेतल्या डॉक्टरांनी १९९८ मध्ये निरोगी भारतीयांच्या मेंदूतल्या रंगीत पेशी मोजून प्रसिद्ध केल्या. ब्रिटिश मेंदूंपेक्षा सुमारे ४० टक्के कमी निघाल्या! कातडी सावळी, आणि मेंदूत काळ्या पेशी कमी. वर वयानुसार त्यांत घटही दिसली नाही. एका अभ्यासावर इमारत उभी करू नये, पण 'सावळ्यांच्या मेंदूत जास्त काळं' या समजुतीला पाया नाही एवढं नक्की.

मेलॅनोमाचा संबंध मात्र खरा आहे, तो तुमच्या खाती जमा. कारणं अजून वादात आहेत. काही जनुकं दोन्हीकडे हात घालतात असं दिसतं.

आता काळ्या पट्टीबद्दल. मध्यमेंदू आडवा कापला की ती नुसत्या डोळ्यांनी दिसते, भिंग लागत नाही. पॅरिसच्या विक-दाझिर यांनी १७८६ मध्येच तिचं वर्णन केलं होतं. जेम्स पार्किन्सन यांनी १८१७ मध्ये या आजारावर पुस्तिका लिहिली, पण मेंदूत बिघाड नेमका कुठे हे त्यांना माहीत नव्हतं. पट्टीच्या पेशी मरतात हे पॅरिसमध्येच ट्रेत्याकॉफ नावाच्या तरुण डॉक्टरने १९१९च्या प्रबंधात मांडलं. म्हणजे काळा डाग दिसल्यापासून त्याचा या आजाराशी संबंध जुळायला सव्वाशेहून जास्त वर्षं गेली. नवजात बाळाच्या मेंदूत पट्टी काळी नसतेच. दोन-तीन वर्षांचं झाल्यावर रंग धरायला लागतो आणि वयाबरोबर गडद होत जातो. विद्यार्थ्यांसमोर मी निरोगी आणि कंपवाताच्या मेंदूचा काप शेजारी शेजारी ठेवतो. काही सांगावं लागत नाही.

मूळ वादात मला दोघंही अर्धे बरोबर वाटतात, आणि हे मी वाद मिटवायला म्हणत नाही. १९८८ मध्ये पॅरिसच्या रुग्णांच्या मेंदूंवर झालेल्या कामात दिसलं की ज्या भागात रंगीत पेशी जास्त, तिथे मृत्यू जास्त. मास्तर खूश. पण त्याच काळ्या पट्टीच्या आत पाहिलं तर खालच्या थरातल्या पेशी, ज्यांत रंग तुलनेने कमी, त्या आधी मरतात. वरच्या थरातल्या गडद पेशी जास्त टिकतात. मग रंग मारतो की वाचवतो?

माझ्या मते प्रश्न प्रमाणाचा आणि वेळेचा आहे. पेशी भरेपर्यंत लोह कुलपात. मर्यादा ओलांडली की पेशीचंच कामकाज तुंबतं. आणि पेशी फुटली की तिच्यातलं काळं बाहेर सांडतं, ते उचलायला मायक्रोग्लिया नावाच्या सफाई कामगार पेशी धावतात, भडकतात आणि दाह शेजारच्या पेशींपर्यंत पोचतो.

नाडीपरीक्षा

चर्चा छान चाललीय, पण रुग्णाला काय द्यायचं ते कुणी बोलत नाही. आयुर्वेदात कंपवाताला कपिकच्छू सांगितली आहे, म्हणजे आपली रानातली खाजकुइली. तिच्या बियांमधून एल-डोपा मद्रासच्या दामोदरन आणि रामस्वामी यांनी १९३७ मध्येच वेगळा काढला. मेंदूतला काळा रंग ज्या डोपामिनपासून बनतो, त्याचा हा कच्चा माल. माझे सावंतवाडीचे मामा गोळ्या सोडून चूर्ण घेतात आणि ठणठणीत आहेत.

उभा छेद

इतिहास बरोबर, सल्ला धोक्याचा. बीमध्ये एल-डोपा भरपूर असतो, चूर्णाचा खरोखर परिणाम होतो, चाचण्याही झाल्यात. घोळ तिथेच होतो. परिणाम होतो म्हणजे मात्राही मोजावी लागते. एका पुडीत किती आणि दुसरीत किती, कोण सांगणार? शिवाय डॉक्टरांच्या गोळीत एल-डोपाबरोबर कार्बिडोपा असतं, जे त्याचं वाटेतच डोपामिन होऊ देत नाही, म्हणून थोड्या मात्रेत भागतं आणि मळमळ कमी होते. गोळी चालू असताना वरून चूर्ण घेतलं तर अंगाला झटके, भास, रक्तदाब पडणं, काहीही होऊ शकतं. मामांना म्हणावं, डॉक्टरांना सांगून तरी घ्या.

आणि केळी खाऊन डोपामिन मिळेल असं कुणी लिहायच्या आत: रक्तातलं डोपामिन मेंदूत शिरत नाही. एल-डोपा शिरतो. सगळं औषध या फरकावर उभं आहे.

काळी मैना

मी केळ्याचंच लिहायला बसले होते. ☹

खडूस मास्तर

छेदराव, 'मर्यादा ओलांडेपर्यंत राखणदार' म्हणजे माझंच म्हणणं गोड शब्दांत. शंभरी गाठली तर राखणदार प्रत्येकाचा वैरी होणार असेल, तर त्याला पगार कशाला द्यायचा?

देवगडची माकूल

पगार चाळीस-पन्नास वर्षं चोख काम केल्याचा, मास्तर. तुम्हाला पेन्शन कशाची मिळते?

तळ्यात-मळ्यात

माकूलताई, मास्तरांचं उत्तर यायच्या आत मी घुसतो.

उंदरांच्या प्रयोगाची मला कल्पना नव्हती, त्यामुळे 'कचरा म्हणणारे चुकतात' हे मागे घेतो. 'राखणदार' मागे घेत नाही. आमच्या जुन्या घरात माळ्याखाली एक अडगळीची खोली होती. आजोबा कीटकनाशकाचे डबे, गंजके पत्रे, रॉकेल सगळं तिथे कुलूप लावून ठेवायचे, पोरांच्या हाती लागू नये म्हणून. ती अडगळही होती आणि राखणही. पुढे आजोबा गेल्यावर डबे गळायला लागले, तेव्हा आधी त्या खोलीचीच भिंत गेली. छेदराव सांगताहेत ते मला असंच काहीसं वाटतंय.

उभा छेद, एक शंका. हल्ली एमआरआयमध्ये न्यूरोमेलॅनिन दिसतं म्हणे. मग बाबांचा काढून काही उपयोग?

उभा छेद

दिसतं. जपानमध्ये २००६ मध्ये तीन टेस्लाच्या, म्हणजे जास्त ताकदीच्या चुंबकाच्या, यंत्रावर ते दाखवलं गेलं. मजा म्हणजे खास पद्धतीने काढलेल्या त्या चित्रात काळी पट्टी उजळ उमटते. तिच्या थोडा खाली 'निळा ठिपका', लोकस सेरुलियस, तोही दिसतो. संशोधनाला आणि कधी शंकास्पद निदानाला कामाचं. बाबांचं निदान सहा वर्षांपूर्वीच झालंय, गोळी लागू पडतेय, तर खर्च कशाला करता? ते पैसे फिजिओथेरपीला घाला.

तळ्यात-मळ्यात

धन्यवाद. अजून एक क्षुल्लक गोष्ट विचारायची होती. बाबांच्या गंजिफ्रॉकला काखेत आणि उशीच्या अभ्र्याला तपकिरी डाग पडतात, कितीही धुतले तरी जात नाहीत. आई पावडर बदलून बदलून थकली.

उभा छेद

गोळीमुळे. एल-डोपा आणि त्यापासून होणारे पदार्थ घामातून, लाळेतून, लघवीतून थोडेफार बाहेर पडतात आणि हवा लागली की काळपट होतात. तुमच्या केळ्याच्या सालीचेच चुलतभाऊ. घाबरायचं काही नाही. बाकी मेलॅनोमाचा विषय वर निघालाच आहे, तर वर्षातून एकदा अंगावरचे तीळ त्वचारोगतज्ज्ञाला दाखवून घ्या. आपल्याकडे तळपाय आणि नखांखालीही पाहायला सांगा.

तळ्यात-मळ्यात

आईला वाचून दाखवलं. बाबा म्हणाले, "म्हणजे आता रंग बाहेरही सुटायला लागला का माझा?" आणि अभ्रा पांढराऐवजी चॉकलेटी आणायचा ठरलंय.